बाटलीभर तळं

शुक्रवार, २९ ऑगस्ट २०२५. कोरगाव

काल गणपती पोचवले. आमचा दीड दिवसाचाच, पण तो गेला की घर एवढं मोठं होतं की एका खोलीतून दुसरीत जाताना दमायला होतं. आज गणपतीवर टांगलेली फळांची माटोळी उतरवायला भिकाजी भावजी आले. माझे धाकटे दीर, राहतात शेजारच्याच घरात. स्टुलावर चढून सुपाऱ्यांचा घोस सोडवता सोडवता म्हणाले, "वयनी, मी काय म्हणतंय." हा माणूस असं सुरू करतो तेव्हा पुढचं वाक्य घरी दोनदा म्हणून आलेला असतो.

"औंदा सात वर्सां झाली. सर्वपित्रीक दादाचो म्हाळ घालूया. भट म्हणता, तिथी म्हायत नाय तर अमावास्या चलता. बाकीचा काय ता मगे बघूया."

"म्हाळ कोणाचो घालतत, भावजी?" श्राद्धाचा विषय निघताच मी विचारलं.

"पितरांचो."

"मगे?"

ते तसेच स्टुलावर उभे, हातात नारळ. मी म्हटलं, नारळ आत ठेवा.

लिहून ठेवते, म्हणजे डोकं शांत होईल. हे, म्हणजे माझे यजमान, भावजींचे दादा, डिचोलीकडच्या नदीत खनिजाच्या बार्जवर कामाला. २०१८ साली खाणी बंद पडल्या आणि बार्जी धक्क्याला बांधून ठेवल्या. ह्यांना राखणीला ठेवलं. श्रावणात एका सकाळी बार्जवर ह्यांच्या चपला होत्या, डबा होता, हे नव्हते. नदीला पूर होता. पाणबुडे उतरले, होड्या फिरल्या, काही सापडलं नाही. सापडणार कसं? हे उत्तम पोहतात. पुढच्या वर्षी गावातल्या एकाला वास्कोच्या स्टँडवर ह्यांच्यासारखाच माणूस दिसला. तेव्हापासून मी महिन्यातून एकदा वास्कोला जाऊन येते. स्टँडवर बसते, चहा पिते, परत येते. ह्यात कुणाचं काय जातं?

मी एकतीस वर्षं पंचायतीत क्लार्क होते. जन्म-मृत्यूचं रजिस्टर माझ्याकडे. तारीख, ठिकाण, कारण, कळवणाऱ्याचं नाव. ह्यातलं एक जरी नसलं तरी मी नोंद करत नसे, भले समोर मंत्र्याचा मेहुणा उभा असो. आता घरच्यासाठी नियम वाकवू?

बुधवार, ३ सप्टेंबर

बॅग भरली. सोलं, लाल मिरच्या, गूळ, उकड्या तांदळाची एक पिशवी. लेकीला, सुविधाला, सगळं मिळतं म्हणे बर्लिनमध्ये, पण "सगळं" म्हणणाऱ्याला काय मिळत नाही ते मला बरोबर कळतं.

तिकीट नऊ तारखेचं. तारीख मी जूनमध्येच सांगितली होती. पितृपक्ष नेमका तेव्हाच येतो हे लक्षात आलं नाही. पंचांग टेबलासमोरच टांगलेलं असतं, तरीसुद्धा.

भावजी परत येऊन गेले. दारातच उभे राहिले. "तुझ्या तोंडातसून हो येवक व्हया, वयनी. तू नाय म्हटलंस तर मी घालूचंय नाय. पण दादा असो मधेच लोंबकळत रवलोहा..." मी म्हटलं, तिथून फोन करते. नेटवर्क असलं तर.

गुरुवार, ११ सप्टेंबर. बर्लिन

पोचले. सुविधा तिसऱ्या मजल्यावर राहते. हॉस्पिटलात नर्स आहे, वृद्धांच्या वॉर्डात. जर्मन अशी फाडफाड बोलते की मला पाठीमागे उभं राहून अभिमान वाटतो आणि थोडी भीतीही. मुलगी आपली, पण आवाज दुसऱ्याच घरातला.

इथले पाव दगडासारखे. आमच्या पाववाल्या पोदेराने पाहिले तर सायकलवरून उतरून हात जोडेल.

रविवार, १४ सप्टेंबर

पहाटे हे स्वप्नात आले. अंगावरून पाणी निथळत होतं. म्हणाले, टॉवेल दे. मी सुविधाच्या कपाटात शोधत राहिले, तिथे सगळे टॉवेल एवढे एवढे, तोंड पुसायचे. मोठा टॉवेल कुठे मिळतो हे जर्मनमध्ये विचारायला मी जिना उतरले. जिना संपेना. जाग आली तेव्हा खिडकीत उजेड होता आणि समोरच्या झाडाची पानं पिवळी व्हायला लागली होती.

सुविधाला सांगितलं नाही. ती न्याहारी करताना म्हणाली, "काकांचो फोन इल्लो." मी उठून भांडी घासायला घेतली. कालचीच होती, घासलेली.

मंगळवार, १६ सप्टेंबर

गुरुवारी सुविधाची दिवसभर ड्युटी आहे. मी घरात बसून बसून भिंती मोजते आहे हे तिला दिसतं. मॉल बघणार का म्हणाली. मी म्हटलं, त्यापेक्षा पाणी कुठे असेल तर सांग.

मग ती म्हणाली, "एक तळा असा, आई. गाडीन एक तास. पण ती जागा... हिटलरच्या वेळेचो बायकांचो तुरुंग थय. आमच्या कोर्साच्या पोरींवांगडा मी गेल्लंय. सोसात तर जा."

रावेन्सब्रुक नाव. शाळेत हिटलरवर दोन ओळी होत्या, त्याच मला येतात. ज्यूंना मारलं, आणि शेवटी त्याने गोळी घालून घेतली. बायकांचा वेगळा तुरुंग होता हे कुठल्या पुस्तकात होतं?

"थय लोक कित्याक जातत?" मी विचारलं.

"ज्यांच्या माणसांका थडगाच नाय, ते येतत," ती म्हणाली आणि माझ्याकडे न बघता टोमॅटो चिरायला लागली. टोमॅटो आधीच चिरून झाले होते. ही सवय तिने कुठून उचलली कोण जाणे.

गुरुवार, १८ सप्टेंबर

आज खूप लिहायचं आहे. हात दुखेल, दुखू दे.

सुविधाने एका कागदावर सगळं मराठीत लिहून दिलं होतं. गाडी कुठल्या फलाटावर, कुठे उतरायचं, बाहेर आल्यावर कुठल्या हाताला वळायचं. "नाही बघवलं तर बाहेर ये, तळ्याकाठी बाकं आहेत. डबा खा." आणि खाली माझं नाव, सत्यवती, पत्ता, तिचा नंबर. बालवाडीतल्या पोरीच्या गळ्यात अडकवतात तसा. सोबत कुणी गाईड नको म्हटलं मी. दुसऱ्याच्या पायांनी चालायला मला जमत नाही.

गाडी रिकामी. बाहेर उंच सरळ झाडांचं रान आणि मध्ये मध्ये पाणी. एक तळं जातं न जातं तोच दुसरं. धुकं पाण्यावरच बसलेलं, वर यायला तयार नाही. मला वाटलं मी गाडीत नसून होडीत आहे आणि काठ मागे सरकतो आहे.

गावाचं नाव फ्युर्स्टनबर्ग. लहानसं, नीटनेटकं. रस्त्यावर सफरचंदं पडलेली, कुणी उचलत नाही. अर्धा तास चालले. मग लाल कौलांची छान छान घरं लागली, झाडीत. मला वाटलं शिक्षकांची वसाहत असावी. पाटी वाचली तर तिथे पहारेकरणी राहायच्या. त्यासुद्धा बायकाच. संध्याकाळी ड्युटी संपली की इथे येऊन चहा पीत असतील, पडद्यांचं कापड निवडत असतील. ह्याचाच मला सगळ्यात जास्त राग आला.

आत मोठं मैदान. काळी खडी. चालताना पायाखाली करकर वाजते आणि तेवढाच आवाज. कैदी बायकांच्या चाळी आता नाहीत, होत्या तिथे नुसते खळगे ठेवलेत. मी एका खळग्याच्या कडेने चालले, मग दुसऱ्याच्या. उन्हात ते खळगे हलताहेत असं वाटत होतं. फाटकापाशी मिळालेला माहितीचा इंग्रजी कागद हातात होता, ऑफिसात लागायचं तेवढं इंग्रजी मला येतं. लाखाहून जास्त बायका आणि मुलं इथे आणली होती. पोलंडच्या, रशियाच्या, फ्रान्सच्या, ज्यू, जिप्सी. हजारो गेल्या. उपासाने, कामाने, गोळीने, विषारी वायूने.

संग्रहालयात एका काचेखाली यादी होती, टाइप केलेली. नावं, जन्मतारीख, मृत्यूची तारीख, कारण. भाषा येत नसली तरी रकाने मला वाचता येतात. कारणाच्या रकान्यात खाली खाली तोच शब्द. खालचं इंग्रजी वाचलं, हृदय अशक्त. तीन बायका एकाच दिवशी, एकाच कारणाने. मी एकतीस वर्षं हा रकाना भरला आहे. असं होत नाही. हा कारकून खोटं लिहीत होता आणि समास मात्र सरळ आखलेले. माझ्या कानशिलात गरम झालं. आपल्याच खात्यातल्या माणसाने शेण खाल्लं की होतं तसं.

दुसऱ्या काचेत अंगठ्याएवढ्या वस्तू. दात घासायच्या ब्रशच्या दांडीतून कोरलेल्या. चोरून केलेल्या, मैत्रिणीच्या वाढदिवसाला द्यायला. आणि पाककृतींची इवलीशी वही. पोटात काही नसताना ह्या बायका एकमेकींना पक्वान्नं सांगायच्या. साखर किती, लोणी किती. तिथे मी जरा वेळ टेकले. मला त्या दिसायला लागल्या. एक सांगते आहे आणि दुसरी म्हणते, नाही गं, एवढं पीठ नाही घ्यायचं. भांडत असणार नक्की. रांधणाऱ्या बायका दुसरीचं माप कधी मान्य करत नाहीत.

मग प्रेतं जाळायची भट्टी. बैठी इमारत, तीन तोंडं. दारात मी चपला काढल्या. स्मशानात जाताना काढतात की नाही आठवेना, आमच्यात बायका जातच नाहीत. फरशी थंडगार. एक तरुण मुलगा माझ्या पायांकडे बघून बाजूला झाला.

बाहेर आले आणि समोर तळं. श्वेड्ट तळं म्हणतात. पलीकडे गावाचं देवूळ, म्हणजे चर्च, त्याचं टोक पाण्यात उलटं. कुणीतरी होडी वल्हवत होतं. एवढी सुंदर जागा मी आयुष्यात पाहिलेली नाही आणि हे लिहिताना मला लाज वाटते.

कागदावर वाचलं, भट्टीतली राख तळ्यात डंप केली. डंप म्हटलं की मला एकच दिसतो. माझं माहेर शिरगावचं. शाळेच्या मागे खाणीच्या लाल मातीचा डोंगर, त्याला आम्ही डंप म्हणायचो. त्याच्यावरून पत्र्यावर बसून घसरायचो, लाल होऊन घरी जायचो, मार खायचो. तर मला वाटलं, राखही अशीच रचून ठेवली असेल पाण्यात, बेटासारखी, आणि मग हळूहळू विरघळून गेली असेल. मला केवढं बरं वाटलं. एवढं सगळं करून शेवटी पाणी तरी दिलं. अस्थी पाण्यात गेल्या. कुणीतरी पोचवलं त्यांना.

काठावर माझ्याच वयाची एक बाई उभी होती. हातात एकच गुलाब. तिने तो पाण्यात सोडला, आपण निर्माल्य सोडतो तसा, वाकून. मग माझ्याकडे बघून म्हणाली, "ओमा." हा शब्द मला येतो. सुविधाच्या वॉर्डात सगळ्याच ओमा. आजी. मी हात जोडले. तिनेही जोडले, उलटे सुलटे. आम्ही दोघी बराच वेळ उभ्या राहिलो. मला तिचा हेवा वाटला. तिच्या आजीचं पाणी तिला माहीत होतं.

पाण्याला हात लावून डोळ्यांना लावला. थोडं बाटलीत भरून घेतलं, घरी न्यायला. तीर्थ.

बाकावर डबा खाल्ला, पोळी आणि भेंडी. ऊन अंगावर होतं, डोळा लागला. काठावर बायकांची रांग बसली होती, पाय पाण्यात सोडून, आणि पाककृती सांगत होत्या. मला सगळं समजत होतं. मी म्हटलं, खतखत्यात तिरफळं घाला. एकीने सरकून जागा केली आणि विचारलं, "तुझो घोव खंय असा?" मी म्हटलं, "वास्कोक." सगळ्यांचे पाय पाण्यात थांबले. मग ती म्हणाली, "वास्को खंय इला?" मला सांगता येईना. हातवारे केले, बस, पूल, पुढे बंदर. ती पाण्याकडे बघत राहिली.

परतीच्या गाडीत बाटली मांडीवर धरून बसले होते. मन हलकं होतं. सातशे दिवसांत एवढं हलकं झालं नव्हतं. चुकले. सात वर्षांत.

शुक्रवार, १९ सप्टेंबर

काय करून बसले मी.

बाटली सुविधाच्या देवांपाशी ठेवली होती, वर एक फूल. ती ड्युटीवरून आली, तहानलेली, आणि झाकण उघडून तोंडाला लावणार एवढ्यात मी ओरडले, "पिव नको! तीर्थ असा ता!"

"खंयचा तीर्थ?"

"काल्च्या तळ्यातला."

तिने बाटली अशी खाली ठेवली की जणू बाटली झोपली आहे. "आई. त्या तळ्यात काय असा ता तुका म्हायत असा?"

"असा. त्यांच्या अस्थी. म्हणूनच हाडलंय." आणि मी तिला सांगितलं, किती बरं वाटलं, निदान पाणी तरी मिळालं, कुणीतरी विसर्जन केलं. ती माझ्या बाजूला येऊन बसली, पेशंटजवळ बसते तशी.

"आई, कोणी विसर्जन नाय केला. मारणाऱ्यांनीच टाकली ती. कचरो टाकतत तशी. राखेचा काय करूचा म्हणान तळ्यात ओतली. डंप म्हणजे टाकून दिवप."

"आमच्या शिरगावाक..."

"शिरगावाक काय डंप करीत, आई?"

नको असलेली माती. खनिज काढून घ्यायचं आणि उरलेलं, कुणाच्याच कामाचं नसलेलं, रस्त्याकडेला ओतायचं. ह्यांच्या बार्जीत जायचं ते खनिज. डंपावर राहायचं ते नको असलेलं. हे मला बालवाडीपासून ठाऊक आहे. मग काल त्या काठावर उभी राहून मी त्याचं बेट कसं केलं?

त्यांना कुणी पोचवलं नाही. पाण्यात असणं वेगळं आणि पोचणं वेगळं. पाणी काय, कुणी टाकलं तरी घेतं. पोचवायला माणूस लागतो काठावर, नाव घेणारा. ती बाई ऐंशी वर्षांनी एक फूल घेऊन आली होती ते त्यासाठी, मला वाटलं ती नुसती नमस्कार करायला आली.

एवढं मी सुविधाला म्हटलं, पोचवायला माणूस लागतो. ती रडायला लागली. म्हणाली, "मगे बाबांका कोण पोचयतलो? सात वर्सां बाबा पाण्यात असत, आई. आणि तू वास्कोक चाय पिता."

मी न्हाणीघरात जाऊन कडी लावली. नळ सोडला. मला तिला थोबाडीत मारावीशी वाटली, आणि तिच्या मांडीवर डोकंही ठेवावंसं वाटलं. दोन्ही एकदम.

शनिवार, २० सप्टेंबर

सकाळी मीच विषय काढला. पाणी परत न्यायचं. सिंकमध्ये ओतायचं नाही, कुंडीत नाही, परत तिथेच. सुविधाने ड्युटी बदलून घेतली, एकही प्रश्न विचारला नाही. मी विचारलं, घरात तीळ आहेत का. होते, बिस्किटांवर लावायला आणलेले.

मग भावजींना फोन लावला. म्हटलं, "घाला."

पलीकडे कितीतरी वेळ नुसता कोंबडा ऐकू येत होता. मग म्हणाले, "वयनी, फाल्या दुपारा बारांक. फोन चालू ठेव. तुझ्यासमोरच घालतंय."

मला वाटलं होतं होकार दिला की काहीतरी तुटेल. काही तुटलं नाही. भूक मात्र लागली. भात टाकला, सोलांची कढी केली, दोघी जेवलो.

रविवार, २१ सप्टेंबर. सर्वपित्री अमावास्या

गोव्यात दुपारचे बारा तेव्हा इथे साडेआठ. पहिल्या गाडीने निघालो. फाटक उघडलं नव्हतं, म्हणून गावाच्या बाजूने तळ्याकाठी उतरलो. धुकं होतं. पलीकडची भिंत, ती बैठी इमारत, काही दिसत नव्हतं. नुसतं पाणी, आणि तेही चार हातांपुरतंच. पुढे पांढरं. गवत भिजलेलं. आम्ही दोघींनी चपला काढल्या.

सुविधाने फोन उभा धरला. घरचं अंगण दिसत होतं, केळीची पानं मांडलेली, भट, आणि भावजी उघड्या अंगाने पाटावर. ऊन एवढं की पडदा पांढरा होत होता. तिकडेही पांढरं, इकडेही पांढरं.

भट म्हणाला, बायकांनी तीळपाणी सोडलेलं शास्त्रात... मी म्हटलं, भटजी, इथलं शास्त्र मी बघते, तुम्ही तुमचं चालू ठेवा. तो हसला आणि चालू ठेवलं.

ओंजळीत तीळ घेतले. सुविधाने बाटलीतलं पाणी वर ओतलं. पहिली ओंजळ त्या बायकांची. नावं मला येत नाहीत, म्हटलं, तुम्हीच एकमेकींची सांगा, तुम्हाला पाठ असतील. अंगठ्याकडून पाणी सोडलं. तीळ पाण्यावर तरंगत गेले, धुक्यात शिरले. बाटली रिकामी व्हायला तीन ओंजळी लागल्या. शेवटची सोडली तेव्हा सुविधाने माझा खांदा धरला होता.

फोनमध्ये भावजींनी सासऱ्यांचं नाव घेतलं, आजेसासऱ्यांचं घेतलं, त्यांच्या वडिलांचं घेतलं. भट म्हणाला, "आता थोरल्या भावाचो. नाव घेया."

आवाज थांबला. मला वाटलं नेटवर्क गेलं. पण केळीचं पान वाऱ्याने हलत होतं. भावजी खाली मान घालून बसले होते, हातात दर्भ, आणि खांदे हलत होते. तीन आठवडे माझ्यामागे लागलेला माणूस.

"माझ्याच्यान नाय होवचा, वयनी," ते म्हणाले. "दादा तो."

"कोणीतरी घेवक व्हया," भट म्हणाला.

सुविधाने माझ्याकडे बघितलं. तिला वाटलं ती घेईल, तोंड उघडलंही. मी हात वर केला. लग्नाला चौतीस वर्षं झाली, ते नाव माझ्या तोंडून ह्या मुलीने कधी ऐकलेलं नाही. आमच्यात घेत नाहीत. पोलीस ठाण्यात साहेबांनी विचारलं तेव्हासुद्धा मी कागदावर लिहून पुढे सरकवलं होतं.

"गोकुळदास," मी म्हटलं.

"आयकाक नाय येवक," भट म्हणाला.

मग मी मोठ्याने हाक मारली, जेवण वाढलं की शेतातल्या माणसाला मारतात तशी. "गोकुळदास!" धुक्यातून बदकं उडाली. आवाज पाण्यावरून पलीकडे गेला, भिंतीला लागला असेल, परत आला नाही. सुविधा मोठ्याने रडली. मी रडले नाही, मी वाट बघत होते, कशाची ते मलाच ठाऊक नाही.

भटाने ते नाव घेतलं. नावाच्या आधी, मेलेल्या माणसाला लावतात तो शब्द लावला आणि पुढचं म्हणायला लागला. मी थांबवलं नाही.